गुन्हा कबूल म्हणण्याआधी साक्षीदाराला विचारा

भात झोडून झालं की कोर्टाच्या तारखा सुरू होतात. पावसात फॉरेस्टवाल्यांनी प्लॉटवर येऊन जे पंचनामे केले, नांगर-कोयते उचलून नेले, त्या केसेसची समन्सं आता पाड्यापाड्यात यायला लागली आहेत. गेल्या पंधरा दिवसांत बैठकीला जो येतो त्याच्या कमरेला एक घडी केलेला कागद असतो. म्हणून या अंकात मोर्चा-शिबिराचं थोडं मागे ठेवून कोर्टातल्या एका हक्काबद्दल लिहीत आहोत. कायद्यात त्याला उलटतपासणी म्हणतात. आपल्याविरुद्ध जो कोणी साक्ष देईल त्याला आरोपीने प्रश्न विचारायचे आणि त्याने शपथेवर उत्तर द्यायचं, असा हा हक्क आहे. आपल्यापैकी फार थोड्यांनी तो आजवर वापरला आहे.

कोर्टात काय होतं ते बहुतेकांनी पाहिलं आहे. सकाळच्या पहिल्या एसटीने जायचं, झाडाखाली बसायचं. दुपारी पट्टेवाला नावं पुकारतो, तीही अर्धी चुकीची. आठ-दहा जण रांगेत उभे राहतात. साहेब भराभर काहीतरी वाचतात आणि विचारतात, गुन्हा कबूल आहे का? बाहेर कुणीतरी आधीच कानात सांगितलेलं असतं : कबूल म्हणा, दंड भरा, संध्याकाळच्या गाडीने घरी जा; नाही म्हणालात तर वर्षभर खेपा घालाल. हा हिशेब खोटा नाही. एका खेपेला भाडं जातं, दिवसाची मजुरी जाते, साहेब रजेवर असले तर नुसतीच पुढची तारीख घेऊन परत यायचं. ज्याच्या घरात आषाढात दाणा नसतो त्याने असा हिशेब केला तर त्याला नावं ठेवायचं आम्हाला काही कारण दिसत नाही.

पण कबूल म्हणजे काय कबूल, हे कुणी विचारत नाही. आपल्या माणसाला वाटतं, मी ही जमीन कसतो, ते खरंच आहे, मग कबूल म्हणायला काय हरकत. कागदावर मात्र तेवढंच लिहिलेलं नसतं. एका पाड्यातल्या म्हाताऱ्या बाबाचं बघा. प्लॉट त्याच्या बापाने केलेला. वर आंब्याचं झाड आहे, त्याचे आंबे आता नातवंडं खातात. त्याच्यावर १९८३ साली केस झाली. फिर्यादीत लिहिलं होतं की या वर्षी राखीव जंगलातला झाडोरा नव्याने तोडून नवीन अतिक्रमण केलं. बाबा कबूल म्हणाला, दंड भरला, घरी आला. पुढे जमीन नावावर करण्याची चौकशी आली तेव्हा अधिकाऱ्याने तोच कोर्टाचा कागद त्याच्यापुढे धरला. म्हणाला, तुम्हीच कोर्टात कबूल केलंय की जंगल १९८३ साली तोडलं. सरकार तर ३१ मार्च १९७८ च्या आधीचीच अतिक्रमणं कायम करतं, तुमचं कसं करायचं? बाबाने आंबा दाखवला. अधिकारी म्हणाला, आंब्याच्या झाडावर तारीख लिहिलेली नसते.

म्हणजे दंड थोड्या रुपयांचा झाला आणि प्लॉट मात्र अडकला. फॉरेस्टच्या केसमध्ये खरं भांडण दंडाचं नाही, कागदावर पडणाऱ्या तारखेचं आणि 'नवीन' या एका शब्दाचं आहे. गार्डाने लिहिलेला तो शब्द कोर्टात कुणी खोडला नाही तर तो खरा धरला जातो. रेंज ऑफिसात दंड घेऊन तडजोडीची पावती देतात तिचंही तसंच. पावतीवर काय लिहिलंय ते वाचून घेतल्याशिवाय पैसे देऊ नका. त्याच जुन्या पावतीवर १९७५ किंवा ७६ साल असेल तर मात्र ती सोन्यासारखी जपा.

आता कायदा काय म्हणतो ते सांगतो. केस खाजगी माणसाने किंवा फॉरेस्टच्या अंमलदाराने लेखी फिर्याद देऊन केली असेल तर समन्सबरोबर त्या फिर्यादीची नक्कल मिळायलाच हवी. २०२४ पर्यंत लागू असलेल्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २०४ मध्ये हे लिहिलं होतं. केस पोलिसांनी पाठवली असेल तर चार्जशीट आणि साक्षीदारांचे पोलिसांनी घेतलेले जबाब यांच्या नकला फुकट मिळतात. नक्कल हातात आली की शाळेत जाणाऱ्या पोराकडून ती मोठ्याने वाचून घ्या, दोनदा. कोर्टात साहेबांनी विचारलं तर नुसतं 'कबूल' किंवा 'हो' म्हणू नका. पूर्ण वाक्य बोला : ही जमीन आम्ही बापाच्या काळापासून कसतो, नवीन जंगल तोडलेलं नाही, गुन्हा कबूल नाही. आरोपी जे म्हणतो ते होईल तितकं त्याच्याच शब्दांत लिहून घ्यायचं असं कायदा सांगतो. आपले शब्द आपणच आखडते घेतले तर लिहिणारा तरी काय लिहिणार?

गुन्हा नाकबूल केला की सरकार पक्षाला आपले साक्षीदार उभे करावे लागतात. आधी त्यांचा वकील त्यांना विचारतो, ती सरतपासणी. मग आपण विचारायचं, ती उलटतपासणी. मग वाटलं तर त्यांचा वकील परत विचारतो, ती फेरतपासणी. हा क्रम १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यात होता, म्हणजे इंग्रजाच्या काळापासूनचा आहे. त्यात काही नवल वाटायला नको. आठवडी बाजारात बैल घ्यायला गेलो तर विकणारा सांगेल की बैल चार दाती आहे, मारका नाही, चिखलात बसत नाही. आपण त्याचं ऐकून पैसे देतो काय? तोंड उघडून दात बघतो, चार पावलं चालवतो, मानेवरचा घट्टा हाताने चाचपतो. गार्डाच्या साक्षीचेही दात बघायचे. सरतपासणीत गार्ड जे बोलला तेवढ्यापुरतंच विचारायचं असंही बंधन नाही. केसशी ज्याचा संबंध आहे ते काहीही विचारता येतं. साक्षीदार कोण आहे, त्याने स्वतः पाहिलं की ऐकलं, तो खरं बोलण्याजोगा आहे की नाही, हे तपासायला विचारता येतं. 'तुम्ही त्या दिवशी प्लॉटवर गेलाच नव्हतात, खरं ना?' असा उत्तर सुचवणारा सवाल त्यांच्या वकिलाला आपल्या साक्षीदाराला सहसा टाकता येत नाही, आपल्याला उलटतपासणीत टाकता येतो.

काय विचारायचं? इथे शाळा शिकलेल्यापेक्षा शेत कसणारा हुशार ठरतो, हे आम्ही मुद्दाम सांगतो. फिर्याद म्हणते की या साली नवीन जंगल तोडलं. पंचनामा मात्र पीक काय होतं तेही लिहितो, कारण पीक जप्त दाखवायचं असतं. पंचनाम्यात खुरासणी लिहिली असेल तर? आपल्याकडे मोकळ्या केलेल्या वरकस जमिनीत पहिल्या वर्षी नागली लावतात, मग वरई, जमीन दमली की खुरासणी. मग गार्डाला विचारायचं : तुम्ही किती वर्षं या बिटावर आहात? आदिवासी पहिल्या वर्षी काय पेरतो ते तुम्हाला माहीत आहे का? त्या दिवशी शेतात काय उभं होतं? एवढं पुरे. उत्तर काहीही आलं तरी ते साहेबांच्या कागदावर उतरतं.

तसंच बांधाचं. पंचनाम्यात 'बांधबंदिस्ती केलेली' असं सरळ लिहून जातात, कारण त्यांना दाखवायचं असतं की अतिक्रमण पक्कं आहे. उतारावरच्या जमिनीत दगड वेचून रचलेला बांध एका पावसात होत नाही हे गार्डालाही ठाऊक आहे. बांधाची उंची किती होती? दगडांवर शेवाळ होतं की दगड कोरे होते? बांधाच्या फटीत झुडपं उगवली होती काय? तोडलेल्या झाडांची खुंटं किती मोजली, ओली होती की सुकलेली, आणि तोडलेली लाकडं कुठे आहेत? नवीन जंगल तोडलं तर लाकूड कुठेतरी पाहिजे. पंचनाम्यात लाकूड नाही, खुंट नाही, फक्त एक कोयता आहे. कोयता तर आपल्या प्रत्येकाच्या कमरेला असतो.

हद्दीचंही विचारा. जंगलाच्या हद्दीचा दगडी बुरूज प्लॉटपासून किती पावलांवर आहे? नकाशा घेऊन मोजलं की नजरेने? मोजलं तर साखळी कुणी धरली? आमच्या ऐकण्यात अशा साक्षी आल्या आहेत की गार्डाला कंपार्टमेंटचा नंबर पाठ असतो पण तिथे जायची वाट सांगता येत नाही. गार्ड पिंजऱ्यात उभा राहून डायरीत किंवा रजिस्टरात बघून उत्तरं देत असेल तर तो कागद आम्हालाही दाखवा असं साहेबांना सांगायचं. आठवण ताजी करायला साक्षीदार जो कागद बघतो तो समोरच्या पक्षाला बघता येतो आणि त्यावरून उलटतपासणी करता येते.

पंचांबद्दल थोडं जास्त लिहावं लागेल. पंच दोन प्रकारचे. एक बाजारपेठेतला, जो कूपावर किंवा डेपोवर माल उचलतो, ज्याचं पोट त्या खात्यावर चालतं. त्याला एकच विचारा : आतापर्यंत किती पंचनाम्यांवर सही केली? दुसरा पंच आपल्याच शेजारच्या पाड्यातला. वाटेत धरून आणलेला, कोऱ्या कागदावर अंगठा दिलेला. त्याला कोर्टात बघून आपल्या लोकांचा संताप होतो. तो आवरा. बाहेर गाठून त्याला दम दिला तर ती आपल्यावर दुसरी केस होईल, आणि तो खरं बोलायचा तोही घाबरेल. त्याला पिंजऱ्यातच शांतपणे विचारा : दादा, अंगठा कुठे दिलात, प्लॉटवर की ऑफिसात? त्या वेळी कागद लिहिलेला होता का? तुम्हाला वाचून दाखवला का? त्याला साधं सरळ विचारलं तर तो बहुतेक वेळा साधं सरळ सांगतो. त्याचीही इच्छा असते सांगायची, फक्त आजवर त्याला कुणी विचारलेलं नसतं.

आणखी एक कागद फार धोक्याचा आहे : रेंज ऑफिसात घेतलेला आरोपीचा जबाब. पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालत नाही, कायद्यात तसं लिहिलंय. फॉरेस्टवाले कोर्टात म्हणतात, आम्ही पोलीस नव्हे, आमच्यापुढचा जबाब चालतो. म्हणून तिथे अंगठा देताना दहादा विचार करा. ज्याने तो जबाब लिहून घेतला त्याला उलटतपासणीत विचारायचं की लिहिला कुणी, कुठल्या भाषेत, आरोपीला किती तास बसवून ठेवलं होतं, त्याला वाचता येतं काय. १९२७ च्या वन कायद्याच्या कलम ७२ मध्ये मोठ्या अंमलदाराला चौकशी करून साक्षी नोंदवायचा अधिकार आहे. पण त्याच कलमात पुढे लिहिलंय की अशी साक्ष आरोपीच्या समक्ष घेतलेली असेल तरच ती कोर्टात चालेल. पहिला भाग ते वाचून दाखवतात, दुसरा भाग आपल्याला वाचावा लागतो.

वकील नसेल तर काय, हा सवाल प्रत्येक बैठकीत येतो. आरोपी स्वतः प्रश्न विचारू शकतो, साहेबांनी त्याला तशी संधी द्यायची असते. पण खरं सांगायचं तर पहिल्यांदा कोर्टात उभ्या राहिलेल्या माणसाच्या तोंडून शब्द फुटत नाही, आणि म्हणूनच वकिलाचा हक्क या हक्काला बांधलेला आहे. याबाबत सुप्रीम कोर्टाचा १९८६ चा निकाल सगळ्यांना माहीत असला पाहिजे. अरुणाचल प्रदेशात सुकदास नावाच्या सरकारी नोकरावर केस झाली होती की त्याने बदलीच्या हुकमावरून इंजिनियरला धमकावलं. वकील करायला त्याच्याकडे पैसे नव्हते. सरकारचे साक्षीदार एकामागून एक येऊन बोलून गेले, त्यांना उलट विचारायला कुणी नाही. शिक्षा झाली. हायकोर्ट म्हणालं, त्याने फुकट वकिलासाठी अर्ज कुठे केला होता? सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती भगवतींनी निकाल दिला की ज्या गुन्ह्यात कैद होऊ शकते त्यात गरीब आरोपीला सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क आहे, आणि तो हक्क आहे हे त्याला सांगणं कोर्टाचंच काम आहे. खेड्यातल्या माणसाला आपला हक्कच माहीत नसतो. मग त्याने मागितला नाही म्हणून तो गेला, असं म्हणता येत नाही. ती शिक्षा रद्द झाली.

फॉरेस्टच्या गुन्ह्याला कैद आहे. तेव्हा साहेबांपुढे उभं राहून एवढं बोलायचं : मला वकील करायची ऐपत नाही, सरकारी खर्चाने वकील द्या, मला साक्षीदारांना विचारायचं आहे. हे लिहून दिलं तर आणखी चांगलं. अर्जाचा नमुना या अंकाच्या मागच्या पानावर टाइप केला आहे.

वकील मिळाल्यावरही डोळे उघडे ठेवा. काही वकील तारखेच्या दिवशी केसचे कागद पहिल्यांदा उघडतात आणि साक्षीदार बोलून झाला की 'उलटतपासणी नाही' म्हणून मोकळे होतात. तेवढ्या दोन शब्दांत केस जाते. जे विचारलं नाही ते आरोपीला मान्य आहे असं कोर्ट बहुधा धरतं. म्हणून वकिलाला आदल्या दिवशी भेटा, प्लॉटचं चित्र जमिनीवर रेघा मारून दाखवा, खुरासणीचं आणि बांधाचं त्याला समजावा. त्याच्या पुस्तकात ते नसतं. साक्षीदाराला विचारायचं राहून गेलंच तर त्याला परत बोलवायचा अर्ज करता येतो. कोर्टाला पटलं तर बोलवतात, पण त्याच्या भरवशावर राहू नका.

भाषेचीही अडचण असते. आपण घरात बोलतो ती बोली वेगळी, साहेबांची मराठी वेगळी, आणि वकील मधूनच इंग्रजीत जातात. साक्ष आरोपीच्या समक्ष झाली पाहिजे आणि ती त्याला कळेल अशा भाषेत सांगितली पाहिजे, असं कायदा सांगतो. कळलं नाही तर हात जोडून सांगा की साहेब, कळलं नाही. यात लाज कसली? साक्ष संपली की ती साक्षीदाराला वाचून दाखवतात, तेव्हा कान तिकडे ठेवा. 'माहीत नाही' असं गार्ड बोलला असेल आणि कागदावर 'आठवत नाही' उतरलं असेल तर तिथल्या तिथे वकिलाला सांगा.

एक इशाराही द्यायला हवा. उलटतपासणी म्हणजे भांडण नव्हे. गार्डावर ओरडून, त्याच्या कोंबड्यांचा आणि दारूचा हिशेब काढून काही मिळत नाही, उलट साहेब चिडतात. ज्याचं उत्तर काय येईल याची आपल्याला कल्पना नाही तो सवाल टाकू नये. आणि हवं ते उत्तर मिळालं की गप्प बसावं. आणखी एक विचारू म्हणून विचारलं की साक्षीदार हातातलं सावरून घेतो.

दोन गोष्टी आपल्याला कडू लागतील पण लिहितो. पहिली ही की हाच हक्क सावकारालाही आहे. आपल्या बाईने त्याच्यावर मारहाणीची केस केली तर त्याचा वकील तिला पिंजऱ्यात उलटसुलट विचारणार. तो विचारतो म्हणून कोर्ट विकलं गेलं असं लगेच म्हणू नका. त्याच्यासाठी हा हक्क काढून टाकला तर आपल्यासाठीही राहणार नाही. आपल्या साक्षीदाराने डोळ्यांनी पाहिलं तेवढंच सांगावं, जे पाहिलं नाही त्याला पाहिलं नाही म्हणावं. केस मजबूत करायला एखादी गोष्ट वाढवून सांगितली तर नेमकी तिथेच ती फाटते. अब्रूवर घाला घालणारे, नुसते हिणवायला विचारलेले सवाल कोर्ट थांबवू शकतं. आपल्या बायांना ते आधी सांगून ठेवा आणि त्या दिवशी पाच-सहा जणी सोबत जा.

दुसरी गोष्ट आपल्या पाड्यातलीच आहे. कुणाचं पोर तापाने गेलं, भगताने तांदूळ पाहिले आणि एखाद्या म्हातारीला भुताळी ठरवलं, तर त्या म्हातारीला भगताला उलट विचारायची सोय असते काय? तू काय पाहिलंस, कधी पाहिलंस, तुला कुणी सांगितलं, तिच्या जमिनीवर कुणाचा डोळा आहे, हे कुणी विचारतं काय? गार्डाचा शब्द म्हणजे पुरावा नव्हे असं आपण कोर्टात म्हणणार आणि भगताच्या शब्दावर बाईला पाड्याबाहेर काढणार, हे आम्हाला पटत नाही. यावर काही पाड्यांत वाद होईल. होऊ दे.

आता कामाचं. ज्यांना समन्स आलंय त्यांनी येत्या रविवारी बैठकीला फिर्यादीची नक्कल घेऊन यावं. नक्कल मिळाली नसेल तर तसं सांगावं, अर्ज करू. १९७८ च्या आधीच्या दंडाच्या, चराईच्या, एकसालीच्या पावत्या असतील तर त्या प्लास्टिकच्या पिशवीत घालून आणाव्यात. येण्याआधी प्लॉटवर जाऊन बांध किती आणि केवढे, मोठी झाडं कुठली, बुरूज किती पावलांवर, हे नीट बघून यावं. जेवणानंतर आपण कोर्ट मांडणार आहोत. एकाने गार्ड व्हायचं, एकाने पंच, आणि ज्याची केस आहे त्याने स्वतः विचारायचं. मागच्या वेळी गार्ड व्हायला कुणी तयार नव्हतं, यावेळी दोघांनी आधीच नावं दिली आहेत. बाया आल्या तर फार बरं, कारण शेतातलं कुठलं पीक कुठल्या वर्षी होतं हे बाप्यांपेक्षा त्यांनाच जास्त आठवतं. येताना आपापली भाकर आणावी, भाजी संघटनेची.